रिळातला बैल

ती घटना आठवली की आजही हसू आवरत नाही. पन्नासच्या दशकात मी चाकणला फौजदार होतो. एके सकाळी लग्नामुंजींचे फोटो काढून पोट भरणारा एक वयस्कर छायाचित्रकार ठाण्यावर आला आणि बाकावर बसून रडायलाच लागला. उसन्या कॅमेऱ्यावर त्याने चाकणच्या बैलबाजाराचं रीळ उतरवलं होतं, आयुष्यातलं एकुलतं एक. सिनेमा कंपन्यांना जुनी दृश्यं पुरवणाऱ्या एका दलालाने ते पाहायला म्हणून नेलं, आणि आता ओळखही दाखवत नव्हता. "साहेब, पैसे राहू द्या. पडद्यावर माझं नाव तरी यावं."

फिर्याद नोंदवली, पण पुराव्याला कागद एकही नव्हता. आठवड्याने तंबूतल्या सिनेमावाल्याने खबर दिली, दलाल पिंपरीला उतरलाय, उद्या कंपनीच्या माणसाशी परवानगीचा कागद होणार. हवालदाराला घेऊन गेलो आणि रिळाच्या डब्यासकट दोघांना ठाण्यावर आणलं.

दलाल भारी बेरकी. चहा फुंकत म्हणाला, "हे मी गेल्या वर्षी कराडच्या बाजारात उतरवलंय. बैलावर काय गावाचं नाव लिहिलेलं असतं?" मला त्याचा भयंकर राग आला. खोटं बोलणारा घाबरलेला नसला की चौकशी अवघड जाते.

मग रीळ पाहून पंचनामा करायचं ठरलं. शाळेच्या खिडक्यांवर घोंगड्या टांगल्या, तंबूवाल्याने मशीन लावलं, छायाचित्रकारालाही बोलावून घेतलं. पंच म्हणून कुरुळीचा एक म्हातारा शेतकरी धरून आणला. बिचारा कांदा विकायला आला होता. पडदा उजळला आणि हे गृहस्थ उठून उभे.

"आरं, ह्यो तर आमचा बैल हाय."

दलाल हसला. "असे शंभर असतात."

"आसतील. ह्यो माझा हाय."

मी मशीन बंद करायला लावलं. "बाबा, अजून न दिसलेली एखादी खूण सांगा."

"उजव्या मांडीवर डाग हाय, चंद्रकोरीवानी. म्या सोता दिला, जरा वाकडा बसला. आन् कराडला त्यो कवा गेला न्हाई. तीन वर्सं झाली त्याला मरून."

म्हाताऱ्याचं नाव पंचांतून खोडलं, साक्षीदारांत घातलं, पंच म्हणून मास्तरांना बसवलं. जबाबावर अंगठा घेतला आणि मगच रीळ पुढे सोडलं. बैल वळला. मांडीवर वाकडी चंद्रकोर. दलालाने मान खाली घातली आणि मुकाट्याने सगळं सांगून टाकलं.

कंपनीच्या माणसाने तिथेच छायाचित्रकाराच्या नावाने नवा कागद केला. सही होणार, तोच म्हातारा म्हणाला, "ह्यास्नी इचारलंत, बरं झालं. पन माझ्या बैलाचं मला कुनी इचारलं?"

छायाचित्रकार खजील झाला. "चुकलं, बाबा. आता विचारतो. दाखवू का लोकांना?"

"दावा की. पन आदी मला आजून एकदा दावा."

एकदाचं चारदा झालं. बाहेर कांद्यापाशी माझा हवालदार राखण करत बसला. मालकी कागदावर ठरते, हे मी नोकरीत शिकलो होतो. पण ज्याने हाताने चारा घातला त्याला आधी विचारावं, हे त्या म्हाताऱ्याने शिकवलं. पुढे प्रत्येक तपासात मी तेच करत आलो.

चौथ्या वेळी बैल पडद्यावर वळला तेव्हा म्हाताऱ्याने त्याला नावाने हाक मारली. खोलीत कुणीच हसलं नाही.