माणूस नव्हता तेव्हाचं जनावर

तंबूच्या सिनेमात दोन वर्षं काढलेल्या माणसाला किस्से आठवावे लागत नाहीत. एक सांगायला बसलं की दुसरा आपोआप तोंडात येतो, मग तिसरा, आणि समोरचा चहा गार होतो. बायको आतून ओरडते, "तुमच्या त्या सरड्याचं पुरे झालं आता!" पण सरडा माझा नव्हताच. तो करीमचाचाचा होता, आणि चाचाने त्याच्यापायी नोकरी पणाला लावली होती. म्हणून सांगतो.

तेव्हा आमच्याकडे निजामाचं राज्य. आमची कंपनी म्हणजे एक तंबू, दोन बैलगाड्या, एक मशीन आणि चार माणसं. मालक अण्णा चकलांब्याचे. सदा पेटी वाजवायचा, मी मशीनचं हँडल फिरवायचो आणि करीमचाचा 'सांगणारा'. फिल्मला आवाज नव्हता. मधूनमधून इंग्रजी अक्षरं यायची, ती आमच्यात कुणालाच वाचता येत नव्हती. त्यामुळे पडद्याशेजारी उभं राहून चाचा सांगेल ती गोष्ट!

त्या वर्षी अण्णांनी मुंबईहून जी फिल्म आणली तिच्यात सरड्याच्या जातीची, पण डोंगराएवढी जनावरं होती. एकाची मान ताडासारखी लांब, एकाच्या नाकावर शिंग. आणि त्यांच्याशी झुंजणारी, कातडी नेसलेली माणसं. शेवटी एक धिप्पाड गडी भाल्याने लांब मानेचं जनावर मारतो आणि पोरगी खांद्यावर टाकून गुहेत जातो. झाली फिल्म!

* * *

पहिला अडथळा आला तहसील कचेरीत. खेळाला इजाजत लागायची आणि अर्ज उर्दूत करावा लागायचा. तो चाचाने लिहिला. पेशकाराने, म्हणजे तिथल्या कारकुनाने, वाचला आणि विचारलं, "जानवर का नाम?"

नाव कुणाला ठाऊक? चाचाने जरा विचार केला आणि म्हणाला, "छिपकली, साहब."

"छिपकली देखने को लोग टिकट लेंगे?"

"बड़ी है साहब."

"कितनी बड़ी?"

चाचाने मान वर करून कचेरीच्या तुळया पाहिल्या, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत नजर फिरवली. "यहाँ नहीं आएगी."

पेशकाराने चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग शिक्का मारला आणि खाली स्वतःच्या हाताने एक अट लिहिली : जनावर तंबूबाहेर आणायचं नाही!

* * *

लिंबागणेशच्या खेळाला मी घोळ घातला. रिळांचे डबे दिसायला सगळे सारखे. चौथ्या रिळात जनावर मेलं आणि मी पाचव्याऐवजी परत तिसरं रीळ चढवलं. मेलेलं जनावर खुशाल उठून पाला खायला लागलं!

तंबूत एकच गिल्ला. "आरं, मेलं व्हतं की ते! पैसे परत द्या!"

मी मशीन थांबवायला गेलो. पण चाचा पडद्यापुढे आला आणि दोन्ही हात वर करून म्हणाला, "गप ऱ्हावा! ह्यो त्याचा भाऊ हाय. भावाला हुडकत आलाय!"

पेटीवर सदाने असा काही रडका सूर धरला की पुढच्या बायकांनी पदर डोळ्याला लावले. खेळ संपल्यावर एक म्हातारी खास मागे थांबली. "दादा, मंग त्याला त्याचा भाऊ घावला का?"

गाडीत बसल्यावर अण्णा हसून हसून लोळत होते. चाचा म्हणाला, "बाई खरं समजून रडली, अण्णा. आपुन तिला फसवलं."

"मंग? सिनेमा म्हंजी काय वेगळं आसतं का बे?"

* * *

त्याच्या पुढच्या मुक्कामात एक धनगर सलग तीन दिवस आला. तिसऱ्या दिवशी, लांब मानेचं जनावर माणसाला तोंडात धरतं तिथे नेमका उभा राहिला. "हे न्हाई पटत."

"काय न्हाई पटत?" चाचाने विचारलं.

"येवढी लांब मान कशाला दिलीया देवानं? झाडाचा पाला वरबडायला. पोट बगा केवढं हाय. हे चरणारं जनावर. हे माणूस खातंय व्हय? उगं बदनामी करता गरिबाची!"

लोक हसले. चाचा हसला नाही. दुसऱ्या दिवशी त्या जागी तो म्हणाला, "जनावरानं माणसाला तोंडात धरलं, पर पाला न्हाई म्हणून थुकून दिलं." अण्णांनी कपाळावर हात मारला. लोक घाबरायला येत होते आणि हा जनावराची बाजू घेत होता!

* * *

मग भेटले मोजणीचे साहेब. नकाशे करत हिंडायचे आणि दगड गोळा करायचा त्यांना भारी नाद. फिल्म बघून ते चाचाला बाजूला घेऊन बसले आणि बराच वेळ समजावत राहिले. ही जनावरं खरंच होती, पृथ्वीवर नांदली आणि संपली. त्यांची हाडं जमिनीत दगड होऊन सापडतात. शेवटी उठताना म्हणाले, "तुमच्या फिल्ममध्ये एकच गोष्ट साफ खोटी आहे."

"कोन्ती?"

"माणूस! ही जनावरं संपली तेव्हा माणसाचा पत्ताच नव्हता. कुणी भाला मारला नाही की काही नाही."

त्या दिवशी चाचा जेवला नाही. सकाळी मला म्हणाला, "आजपासून मी खोटं सांगनार न्हाई. फिल्लम काय दाखवायचं ते दाखवंल. मी माजं सांगंन."

मला वाटलं, दोन दिवसांत विसरेल. कसचा विसरतोय!

* * *

वडवणीच्या बाजारादिवशी तंबू गच्च. पडद्यावर भालावाला गडी आला आणि चाचा म्हणाला, "ह्याच्याकडं बगू नका. ह्यो त्या काळातला न्हाई. ह्यो फिल्लम कंपनीचा मानूस हाय!"

लोक चकित झाले. कुणीतरी विचारलं, "अन् ती बाई?"

"ती बी कंपनीचीच!"

गड्याने भाला मारला. एरवी शिट्ट्या वाजायच्या. त्या दिवशी मागून आवाज आला, "कंपनीच्या मानसानं कशाला मारलं रं मुक्या जनावराला?" आणि अख्खा तंबू गड्याला शिव्या द्यायला लागला. सदाला पेटीवर वीररस वाजवायचा का करुणरस, तेच समजेना.

अण्णा लाल झाले. "करीम, म्होरला मुक्काम माज्या गावात हाय. सगळी भावकी म्होरं बसणार. एकानं जरी उटून 'खोटं हाय' म्हणलं अन् तुला उत्तर आलं न्हाई, तर दुसऱ्या दिसापासून सदा सांगंल. तू तुजा रस्ता धर."

वीस वर्षं चाचा सांगणारा होता. दुसरं कुठलं काम त्याला येत नव्हतं. मी त्याला विनवलं, "चाचा, एक दिवस माणूस असू दे की."

"नव्हता तर आसू दे कसा?" चाचा म्हणाला. मला त्याचा रागच आला.

* * *

चकलांब्यात आमची दवंडी ऐकून एक शेतकरी सकाळीच गाडी घेऊन आला. गाडीत मांडीएवढं जाड, काळपट, हाडासारखं काहीतरी. "गोदावरीच्या दरडीत घावलंय. तुमच्या जनावराचं हाय का बगा."

चाचाने ते पडद्याशेजारी ठेवलं.

दिवेलागणीला खेळ सुरू झाला. भालावाला आला. चाचाने एकदा अण्णांकडे पाहिलं आणि ठणकावून सांगितलं, "ह्यो मानूस तवा नव्हता!"

मागून कुणीतरी लगेच विचारलं, "मानूस नव्हता, मंग ह्यो फोटू कुणी काढला?"

तंबू खो खो हसला. अण्णा उठून उभे राहिले. चाचाने मला हात केला. मी दिवा झाकला आणि हँडल थांबवलं.

"फोटू खोटा हाय," चाचा म्हणाला. आवाज जरासुद्धा हलला नाही. "फोटूतलं जनावर बी मानसानं केलेलं हाय. पर आसली जनावरं व्हती, हे खरं. हे हाड बगा. कुणाचं ते मला ठावं न्हाई. पर मानूस नव्हता तवाचं हाय."

"हाड कशाचं, धोंडा हाय त्यो!"

"खोटं हाय! खोटं हाय!"

तेव्हा पहिल्या रांगेतून तुकाबा उठला. तुकाबा म्हणजे मोडलेली हाडं बसवणारा. आसपासच्या गावांत एक हात नसेल, एक पाय नसेल जो त्याने चाचपला नाही. तो हाडाशी बसला, डोळे मिटले आणि अंगठा वरून खाली फिरवत गेला. एका जागी अंगठा थांबला.

"हाड हाय," तो म्हणाला. "हितं मोडलं व्हतं. मोडून जुळलंया. मेलेल्याचं हाड जुळत नसतंय. हे जनावर मोडल्यावर बी लई दिवस जगलंया."

तुकाबाचा शब्द खोटा म्हणायची चकलांब्यात कुणाची छाती? चाचाचे डोळे भरून आले. अण्णांनी भावकीकडे बघून फेटा सारखा केला आणि जणू हे सगळं त्यांनीच ठरवलं होतं अशा थाटात ओरडले, "चाचा म्हणतोय ते खरं हाय! आता हाय का कुणाला शंका?"

"एक हाय," तुकाबा म्हणाला. तो अजून उठला नव्हता, अंगठा तिथेच होता. "बिनबांधलेलं हाड वाकडं जुळतं. हे सरळ जुळलंया, माज्या हातानं बसवल्यावानी."

मग त्याने डोळे उघडले आणि चाचाकडे पाहिलं.

"मानूस नव्हता म्हणता, मंग हे बांधलं कुणी?"