आमचे सरपंच आणि ग्रँड नदीकाठची शिंगं

भारतातून पाहुणे आले की आम्हा ओंटारियोकरांचा कार्यक्रम ठरलेला असतो. पहिल्या शनिवारी नायगारा, दुसऱ्या शनिवारी उंच मनोरा, तिसऱ्या शनिवारी आउटलेट मॉल, आणि रोज संध्याकाळी ‘आमच्याकडे बर्फ किती पडतो’ या विषयावर व्याख्यान. माझ्या नणंदेने, म्हणजे सुमनवन्संनी, या कार्यक्रमाला पहिल्याच शनिवारी सुरुंग लावला. धबधब्याकडे जरा वेळ पाहून त्या म्हणाल्या, ‘पाणी चांगलंय. पण वहिनी, मला इथली ग्रामपंचायत बघायचीय.’

हा हट्ट उगाच नव्हता. वन्सं साताऱ्याकडच्या एका गावाच्या सरपंच आहेत. पहिलं नातवंड झालं म्हणून कारभार उपसरपंचांवर सोपवून त्या ओकव्हिलला मुलाकडे, निखिलकडे आल्या होत्या. बरोबर त्यांचे यजमान. भाऊजी कशाचेच सरपंच नाहीत, पण गाव ‘सरपंच’ म्हणतं ते त्यांनाच. सरपंचपद महिलांसाठी राखीव झालं, तेव्हा अर्ज वन्संचा भरला गेला आणि गुलाल भाऊजींच्या कपाळाला लागला. अभिनंदनाच्या फ्लेक्सवर भाऊजी कमरेपर्यंत आहेत, वन्सं कोपऱ्यात पासपोर्ट साइझ. त्यांना गाव ‘वहिनी’ म्हणतं.

यावर मी फार हसावं अशी माझीही परिस्थिती नाही. टोरंटोच्या मराठी मंडळींत मला ‘डॉक्टरीणबाई’ म्हणतात. मी स्कारबरोत वर्षानुवर्षं लोकांचे टॅक्स भरते. दात काढतो तो माझा नवरा. भाऊजींनी ही पदवी विमानतळावरच उचलली आणि शेवटपर्यंत खाली ठेवली नाही.

ओकव्हिलचं नगरपालिका भवन दाखवून मोकळं होता आलं असतं. पण तिथे काचेच्या खोलीत पार्किंगवर चर्चा चालते. ती ऐकायला सातासमुद्रापार यायची गरज नाही. त्यापेक्षा मला पूर्वी एकदा पाहिलेला ग्रँड नदीकाठ आठवला. ब्रँटफर्डच्या पुढे हौदेनोशोनी लोकांची मोठी वस्ती आहे. इंग्रजांनी ज्यांना इरोक्वॉय म्हटलं, ते हे लोक. कॅनडा नावाचा देश व्हायच्या कितीतरी आधीपासून त्यांचा स्वतःचा कारभार आहे. तिथली लोरेन नावाची निवृत्त शिक्षिका शनिवारी चार-सहा पाहुण्यांना गाव हिंडवते. आधी फोन करावा लागतो. मी केला.

‘तिथले चीफ भेटतील का?’ भाऊजींनी विचारलं.

‘बघू.’

‘मग शाल-श्रीफळ घ्या, डॉक्टरीणबाई. सरपंचाने सरपंचाकडे रिकाम्या हाताने जायचं नसतं.’

शाल पुण्याहून आलेलीच होती. नारळ मिसिसागाच्या ग्रोसरीत मिळाला.

जाणाऱ्यांसाठी: ओकव्हिलहून हायवे ४०३ धरा. हॅमिल्टनला गाडी कड्यावर चढते, मग सपाट शेतं सुरू होतात. तासाभरात पोचता. स्कारबरोहून निघणार असाल तर तेवढाच वेळ टोरंटो ओलांडायला ठेवा आणि देवाचं नाव घ्या. बस-ट्रेनचा विचार करू नका. रोख पैसे ठेवा.

हॅमिल्टननंतर कॉफीला थांबलो. मी वॉशरूमहून परतले तर भाऊजी पार्किंगमध्ये येरझाऱ्या घालत फोनवर बोलत होते. फोन उपसरपंचांचा होता. भारतातली संध्याकाळ म्हणजे गावच्या राजकारणाची सकाळ. भाऊजींचा आवाज थेट हॅमिल्टनपर्यंत जाईल असा.

‘हां, सरपंच बोलतोय. शाळेमागची जागा ना? करा की सभामंडप. आमची काही हरकत नाही. पंधरा ऑगस्टच्या ग्रामसभेत घ्या विषय.’

वन्सं गाडीला टेकून उभ्या होत्या. हातातला कॉफीचा कप त्यांनी न पिताच कचरापेटीत टाकला.

शाळेमागची जागा म्हणजे काय, ते मला पुढच्या वीस किलोमीटरमध्ये कळलं. गावातली अंगणवाडी पत्र्याच्या शेडमध्ये भरते. उन्हाळ्यात पोरं भाजून निघतात. त्या जागेवर अंगणवाडी बांधायची, एवढा एकच शब्द वन्संनी निवडणुकीत दारोदार जाऊन दिला होता. उपसरपंचांना तिथे सभामंडप हवा होता, लग्नं लावायला आणि भाषणं ठोकायला. वन्सं गावात असताना त्यांची हिंमत झाली नव्हती.

‘तुम्ही मला विचारलं नाही,’ वन्सं मागच्या सीटवरून म्हणाल्या.

‘अगं, विचारायचं काय त्यात? आपण दोघं वेगळे आहोत का?’ भाऊजी पुढच्या सीटवरून. ‘डॉक्टरीणबाई, एसी जरा कमी करा.’

गावात शिरलो तेव्हा ते गाव आहे हेच भाऊजींना पटेना. सरळ रस्ते, लांब लांब घरं, अंगणात ट्रक, मधूनच पेट्रोलपंप. ‘तंबू कुठेत?’ त्यांनी विचारलं. मी त्यांना हळूच सांगितलं की हे लोक तंबूत कधीच राहत नव्हते. लांबलचक लाकडी घरांत राहायचे, आणि तुमची माहिती सिनेमातली आहे.

लोरेन सत्तरीला आलेली, जीन्स आणि बेसबॉलची टोपी घातलेली, चालण्यात आमच्या पुढे. लाँगहाउस तिने रस्त्यावरूनच दाखवलं. तिथे विधी होतात, पाहुणे आत जात नाहीत, फोटोही नाही. तुम्ही गेलात तर तिथे ‘जरा आत डोकावू का?’ हा आपला राष्ट्रीय प्रश्न विचारू नका. भाऊजींनी विचारला. लोरेनने ऐकलं नाही असं दाखवलं.

मग तिने सावलीत एका बाकावर बसवून कारभार सांगितला. मी भाषांतर करत होते. इथे दोन व्यवस्था आहेत. एक निवडणुकीची, सरकारी कायद्यातून आलेली. तिचा प्रमुख बाई असो वा बुवा, ‘चीफ’च. दुसरी जुनी, कुळांची. कूळ आईकडून येतं. प्रत्येक कुळात एक थोरली बाई असते, तिला इंग्रजीत ‘क्लॅन मदर’ म्हणतात, कुळमाता म्हणा. कुळाच्या बायांशी बोलून प्रमुख ती निवडते. त्याच्या शिरोभूषणावर हरणाची शिंगं असतात. ती शिंगं बसवते ती, आणि माणूस चुकला तर काढतेही ती.

‘म्हणजे राणीच की!’ भाऊजी म्हणाले आणि पुढे स्वतःच इंग्रजीत, ‘सो शी इज क्वीन?’

लोरेनने मान हलवली. ‘गोऱ्यांनी आम्हाला राणी म्हटलं, राजकन्या म्हटलं. त्यांच्या घरात जे होतं, तेच त्यांना आमच्या घरात दिसलं. आणि राजकन्या म्हणायचा कंटाळा आला की आमच्या बायांना हिणवणारा दुसरा एक शब्द वापरायचे. तो मी उच्चारत नाही. डोंगरांना, तळ्यांना दिला होता, आता एकेक करून पुसतायत.’

मग तिने तिच्या भाषेतला शब्द सांगितला. वन्संनी तो दोनदा म्हणून पाहिला. मी लिहायचं धाडस करत नाही. अर्थ साधारण ‘ती भली आहे’. प्रमुखाच्या शब्दाचा अर्थ ‘तो भला आहे’. दोघांना एकच मोजमाप. आपल्याकडे पाटील असतो आणि पाटलाची बायको पाटलीण असते, हे मी तिला सांगितलं. तिने थोडा विचार केला. ‘आणि ती स्वतःच पाटील असली, तर नवऱ्याला काय म्हणता?’

मी वन्संकडे पाहिलं. वन्संनी भाऊजींकडे पाहिलं.

‘सरपंच,’ वन्सं मराठीत म्हणाल्या.

भाऊजींना हा विषय फारसा आवडला नसावा. त्यांनी मुद्द्याला हात घातला. ‘विचारा तिला, म्हणजे ती बाई आपल्या नवऱ्यालाच चीफ करत असणार ना?’

मी विचारलं. लोरेन इतकी हसली की टोपी काढून तिला डोळे पुसावे लागले. नवरा कसा होईल? लग्न कुळाबाहेर करायचं, त्यामुळे नवरा कायम दुसऱ्या कुळाचा. प्रमुख म्हणजे तिचा भाऊ, मुलगा, बहिणीचा मुलगा. लोरेनची थोरली बहीणच कुळमाता आहे आणि प्रमुख त्यांचा भाचा.

‘मग बहिणीच्या नवऱ्याला काय म्हणतात?’ वन्संनी विचारायला लावलं.

‘केव्हिन.’

‘म्हणजे काय?’

‘काही नाही. त्याचं नाव केव्हिन आहे.’

वन्संना आणखी एक विचारायचं होतं. प्रमुख चुकला तर लगेच शिंगं काढतात का? लोरेन म्हणाली, नाही. आधी इशारे. पहिल्यांदा कुळमाता स्वतः जाऊन सांगते. तरी नाही ऐकलं तर पुन्हा सांगते. तिसऱ्यांदा बरोबर एक पुरुष घेऊन जाते. मग शिंगं. बारकावे घराघरात वेगळे सांगतात, पण तीन इशारे सगळ्यांकडे.

‘आणि पहिल्यांदा जाते तेव्हा ती काय बोलते?’

‘फार नाही,’ लोरेन म्हणाली. ‘तू बोलतोयस तो आवाज कुणाचा आहे, एवढीच आठवण करून देते.’

मी भाषांतर केलं. वन्सं गप्प झाल्या. त्या गप्प झाल्या की भाऊजी निर्धास्त होतात, असं माझं वीस वर्षांचं निरीक्षण आहे.

जेवण एका घराच्या अंगणातल्या टपरीवर. पांढऱ्या मक्याचं सूप इथली खासियत. लाकडाच्या राखेत उकळून मक्याचं साल काढतात, हे कळल्यावर वन्संनी दोनदा पातेल्यात डोकावून घेतलं. पण त्यात पोर्क आणि आमचा श्रावण, म्हणून जाड भाजलेला पाव आणि स्ट्रॉबेरीचं सरबत. तुम्ही खात असाल तर सूप सोडू नका. तिघांचं मिळून एका ओकव्हिली पिझ्झापेक्षा स्वस्त पडलं.

निघताना भाऊजींनी शाल आणि नारळ बाहेर काढले, मला मोबाइल दिला आणि कुठून प्रकाश चांगला येतो ते पाहिलं. ‘चीफना बोलवा म्हणावं.’

प्रमुख भाचा आपल्या मुलीच्या अंगणातलं गवत कापायला गेला होता. संध्याकाळपर्यंत येणार नव्हता. भाऊजी हिरमुसले. तेवढ्यात वन्संनी त्यांच्या हातातली शाल काढून घेतली, उलगडली आणि लोरेनच्या खांद्यांवर घातली. दोघींना बोलायला समान भाषा नव्हती. लोरेनने शालीचा काठ बोटांनी चाचपला आणि टोपी काढून ठेवली.

नारळ मात्र भाऊजींच्या हातात राहिला. मराठी माणसाच्या हाती नारळ येण्याचा अर्थ मी इथे समजावत बसत नाही.

परतीच्या आधी नदीवर गेलो. ग्रँड नदी रुंद, संथ, गढूळ. फोटोत काहीच येत नाही. पाय बुडवून बसलो होतो, तेवढ्यात, गावाकडे मध्यरात्र होत आली असूनही, पुन्हा उपसरपंचांचा फोन.

‘हां बोला, सरपंच बोलतोय.’

‘अहो,’ वन्सं पाण्याकडे बघत म्हणाल्या, ‘हा पहिला.’

भाऊजींनी फोनवर हात ठेवला. ‘काय पहिला?’ मग समजलं आणि ते हसत सुटले. ‘डॉक्टरीणबाई, बघा! तुमच्या वन्संना शिंगं फुटली!’

‘मला नाही फुटली,’ वन्सं म्हणाल्या. ‘तुम्हाला दिली होती.’

दुसरा ओकव्हिलला, निखिलच्या डायनिंग टेबलावर. भाऊजी मुलाला सांगत होते की सभामंडपाचा विषय त्यांनी मिटवून टाकलाय. ‘दुसरा,’ वन्सं भात वाढता वाढता म्हणाल्या. ‘व्हॉट्स गोइंग ऑन?’ निखिलने मला विचारलं. मी म्हटलं, अ‍ॅडमिनिस्ट्रेटिव्ह मॅटर आहे. भाऊजी या वेळी हसले नाहीत. पण ‘फोन तर आता झाला, शब्द दिला, माझी काही इज्जत आहे की नाही’ असं आमटीला उद्देशून बोलत राहिले.

मी त्या रात्री तिथेच बेसमेंटमध्ये झोपले. सकाळी वर आले तर वन्सं नऊवारी नेसून, कुंकू लावून किचनच्या टेबलाशी बसलेल्या. निखिलचा फोन दुधाच्या पावडरच्या डब्याला टेकवून उभा केला होता. मांडीवर दुपट्यात गुंडाळलेला नातू.

‘त्याला कशाला घेतलंत? झोपू दे की.’

‘तिसऱ्या वेळी बरोबर पुरुष लागतो,’ वन्सं म्हणाल्या. ‘या घरातला दुसरा कोणी माझ्या बाजूचा वाटेना.’

पडद्यावर उपसरपंच उगवले. त्यांच्यामागे पंचायतीतले आणखी दोघं, वन्संच्याच पॅनेलचे. ‘अरे वा, वहिनी! नातू का? वा वा. जरा सरपंचांना द्या की.’

‘सरपंच बोलतायत,’ वन्सं म्हणाल्या.

नातवाने जांभई दिली.

‘शाळेमागची जागा अंगणवाडीची. सभामंडपाला माझी हरकत आहे. माझ्या पॅनेलचा कुणी हात वर करणार असेल, तर माझ्या तोंडावर करायचा, मी आल्यावर. आणि ह्यांच्या नंबरवर पंचायतीचा फोन करायचा नाही. ह्यांचं नाव दत्तात्रय आहे. खुशाली विचारायला करा.’

भाऊजी टॉवेल खांद्यावर टाकून वॉशरूमच्या दारात उभे होते. आंघोळीला जावं की थांबावं, हे त्यांना कुणी सांगत नव्हतं.

पंधरा ऑगस्टला ठराव आला तो नामंजूर झाला नाही, मंजूरही झाला नाही. ‘सरपंच परत आल्यावर घ्यावा’ म्हणून तहकूब झाला. मला ते अर्धवट वाटलं. वन्संना नाही. ‘माझ्यावाचून अडलं ना? बास.’

ते दोघं परत गेले. स्कारबरोत माझ्या फ्रिजवर तो नदीचा फोटो आहे, त्यात खरंच काही दिसत नाही. त्या सहलीतून काय हाती लागलं, याचा मी अधूनमधून हिशेब करते. मक्याची कृती अर्धवट कळली. तो शब्द अजून मला नीट म्हणता येत नाही. आपण वर्षानुवर्षं दोन तासांवर राहून तिथे दुसऱ्यांदा गेलो, तेही पाहुण्यांच्या हट्टाने, हे खटकतं.

दिवाळीच्या आधी खुशालीचा फोन केला. भाऊजींनी उचलला. आवाज जरा उतरलेला, पण शिष्टाचार चोख.

‘थांबा हं, सरपंचांना देतो. शाळेमागे अंगणवाडीच्या पायावर उभ्या आहेत, गवंड्याशी भांडतायत.’

लांबून वन्संचा आवाज आला, ‘कोण आहे हो?’

‘डॉक्टरीणबाई!’

‘भाऊजी,’ मी म्हटलं, ‘हा पहिला.’