सिंकखालचं मशीन

भूकंपानंतर आम्ही औसा सोडून लातूरला आलो आणि पुढं क्लासच्या मुलांसाठी मेस काढली. रांधायचं मी आणि माझ्या थोरल्या जाऊबाईंनी, कारभार थोरल्या दिरांचा. एकदा भावजी हैदराबादहून खरकटं दळायचं मशीन घेऊन आले आणि सिंकखाली बसवलं. येईल त्याला कौतुकानं दाखवायचे. बटण मात्र लावलं बाहेर, जेवणाच्या खोलीत. सिंकपाशी उभ्या बाईला ते दिसायचंसुद्धा नाही.

मशीन चालताना वरून पाणी सोडावं लागतं. भावजी तोटी बंद करायचे. "लातुरात पाणी अन् खरकट्यावर?" मग शेवग्याचा चोथा, भात आत घट्ट बसायचा, घाण वास सुटायचा. काढायचं कुणी? जाऊबाईंनी.

एका दुपारी त्या आत हात घालून चोथा ओढत होत्या. बाहेरून भावजींनी विचारलं, "झालं का गं?" आणि उत्तराआधीच बटण दाबलं.

दोन बोटं चेचली. मी धावत जाऊन बटण बंद केलं, हात पदरात गुंडाळला. भावजी म्हणतात कसे, "हात आत हाय म्हणून सांगायचं न्हाई का?"

दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, कसं झालं. भावजी हसले. "बायकांना मशीन कळत न्हाई हो."

माझं डोकंच फिरलं. सगळ्यांदेखत मी म्हणाले, "डॉक्टर, बटण ह्या भावजींनी दाबलं. इचारलं अन् दाबलं."

जाऊबाई टाके घालून घेत पुटपुटल्या, "जाऊ दे गं."

"का म्हणून जाऊ द्यायचं?"

दुसऱ्याच दिवशी मी वायरमन बोलावून बटण ओट्यावर आणलं, सिंकच्या शेजारी. तेव्हापासून आधी मशीनची पिन सॉकेटमधून उपसून ओट्यावर ठेवायची, मग बॅटरीचा उजेड मारून अडकलेलं चिमट्यानं काढायचं. हात घालायचाच नाही. शेवगा, कांद्याची सालं आत टाकायची नाहीत. आठवड्याला बर्फ आणि खडेमीठ टाकून, तोटी सोडून फिरवायचं, वर लिंबाची साल. वास येत नाही. पाणी लागतंच, लागू दे.

भावजी माझ्याशी कितीतरी महिने बोलले नाहीत. जाऊबाईंचं मधलं बोट आजही वळत नाही. भाकरी त्या तळव्यानं थापतात. आणि 'चुकलं माझं' एवढं अजून त्या माणसाच्या तोंडून निघालेलं नाही.