पेट्रोल आहे, उघडा

माझ्या आतोबांइतका स्वतःच्या नाकावर विसंबून जगलेला माणूस साऱ्या पुण्यात दुसरा झाला नसेल, आणि पुण्यात नाकांची काही टंचाई नाही. आतोबा म्हणजे माझ्या सख्ख्या आत्याचे यजमान. राहायला शनिवार पेठेत, आणि पोटापाण्यासाठी धायरीला पेट्रोल पंप. माझं लग्न ठरत होतं तेव्हा मुलीकडच्या घरी आम्ही सगळे पोहे खात बसलो होतो. आतोबा मध्येच उठले, न विचारता स्वयंपाकघरात गेले आणि परत येऊन माझ्या भावी सासऱ्यांना म्हणाले, "घर चांगलं आहे. मोरीचा पाइप आतून गळतोय." सासरे आठ दिवस माझ्या वडिलांशी नीट बोलले नाहीत. नवव्या दिवशी प्लंबरने फरशी उचलली आणि लग्न पक्कं झालं. पुढे कधीही मी त्यांच्याकडे गेलो, की दार उघडताच ते मला हुंगून घ्यायचे. "बसने आलास. शेजारी बसलेल्याच्या पिशवीत बोंबील होते," असं म्हणून आत वळायचे. बोंबील असायचेच. मी कोथरूडहून रिक्षाने आलो तरी रिक्षावाल्याने काय खाल्लं होतं ते मला शनिवार पेठेत कळायचं.

हे नाक त्यांनी पंपावर मात्र फार मानाने वापरलं. पंपावर टँकर येतो तेव्हा त्याच्या एका कप्प्यात पेट्रोल असतं आणि दुसऱ्यात डिझेल. कुठल्या कप्प्यात काय, हे पाहायचं, काचेच्या उंच भांड्यात नमुना काढायचा, कागदाशी ताडायचा, आणि मग नळी जमिनीखालच्या योग्य त्या टाकीला जोडायची, अशी सगळीकडची रीत. आतोबांकडे ही रीत नव्हती. टँकर उभा राहिला की ते टोपी काढून बगलेत धरायचे, नळीच्या तोंडाशी वाकायचे, देवघरात डोळे मिटावेत तसे डोळे मिटायचे आणि एक श्वास घेऊन म्हणायचे, "पेट्रोल आहे, उघडा." मग रफीकभाई चावी फिरवायचे. रफीकभाई त्यांचे मुख्य कामगार, सव्वीस वर्षं सोबत असलेले. सुरुवातीला ते बिचारे नमुन्याचं भांडं घेऊन उभे राहायचे, तर आतोबा थंडपणे विचारायचे, "कुणाच्या नाकावर विश्वास नाही तुमचा, माझ्या की तुमच्या?" दोनचार वर्षांत ते भांडं कपाटात गेलं.

मग तेल कंपनीने पंपावर दुकान काढायला लावलं. पेट्रोल भरायला आलेल्या माणसाने आत येऊन वेफर्स, थंड पेयं, बिस्किटं, कॉफी घ्यावी, असा तो बेत होता. काचेचं दार, गार हवा, निळे दिवे, सगळं झालं, आणि आत आतोबा बसले. दुकान चालवण्याची त्यांची पद्धत अशी, की गिऱ्हाइकाला परत पाठवण्यात त्यांना विकण्यापेक्षा अधिक आनंद व्हायचा. पाववाल्याचा पाव नाकाशी धरून "कालचा" म्हणायचे आणि परत करायचे. एखादा प्रवासी म्हणाला, की चालेल हो काका, आम्हाला गाडीत खायचाय, तर उत्तर यायचं, "आपल्याला चालेल. दुकानाला चालत नाही." कॉफीचं यंत्र कंपनीने दिलं होतं, पण त्यातलं दूध दुपारी दोननंतर त्यांच्या नाकाला पटत नसे. मग यंत्रावर पाटी लागायची: 'दूध सकाळचे आहे. फाट्यावर चहा बरा मिळतो.' नमुन्याचं ते उंच काचेचं भांडं कपाटातून निघून दुकानाच्या काउंटरवर आलं आणि त्यात पेनं राहू लागली.

आणि सुगंधाशी तर त्यांचं उभं वैर. नाक बिघडतं म्हणायचे. दुकानात उदबत्ती नाही, गाडीत लावायच्या अत्तराच्या बाटल्या नाहीत. कंपनीच्या साहेबाने खोलीत फवारायचा सुवास भेट दिला तो त्यांनी पोचपावतीसह परत केला. कामगारांना बिनवासाचा साबण पंपातर्फे मिळायचा. आत्याला गजऱ्याचं भारी वेड, पण गजरा माळून पंपावर यायची सोय नव्हती. फक्त ईदला रफीकभाई अत्तर लावून गळाभेटीला यायचे, त्या दिवशी आतोबा त्यांना छातीशी धरायचे आणि तीन दिवस टँकर मागवायचे नाहीत. हा नियम पंपावर कुठे लिहिलेला नव्हता. दसऱ्याला झेंडूचे हार यंत्रांना घालायचे तेव्हाही तसंच.

मग ती साथ आली. आतोबा दवाखान्यात अकरा दिवस होते आणि बारीक होऊन घरी आले. सगळं पुन्हा सुरू झालं, स्कूटर, टोपी, सकाळी सहाच्या ठोक्याला पंप. काही महिन्यांनी एका रविवारी मी त्यांच्याकडे गेलो तर दार उघडून ते म्हणाले, "ये, बस." हुंगलं नाही. आत गॅसवर दूध उतू जाऊन करपत होतं आणि ते तिथून दोन हातांवर बसून पेपर वाचत होते. आत्या धावत आली, तिने गॅस बंद केला आणि माझ्याकडे असं पाहिलं, की मी खिडकीबाहेर बघू लागलो. पुढच्या वेळी पंपावर गेलो तर दुकानात फडताळावर गाडीतल्या अत्तराच्या बाटल्या ओळीने मांडलेल्या. मोगरा, चंदन, लिंबू. मी म्हटलं, आतोबा, हे काय. ते म्हणाले, "लोक मागतात. लोकांचं ऐकावं माणसाने." साठ वर्षांत लोकांचं न ऐकलेल्या माणसाने हे म्हटलं आणि मला सगळं कळलं. आता लिहिताना लाज वाटते, पण खरं ते हे, की मला कळलं आणि मी मोगऱ्याची एक बाटली विकत घेऊन घरी आलो. मला स्कूटरसुद्धा चालवता येत नाही, गाडी तर दूरच.

टँकर येतच होते. आतोबा टोपी बगलेत धरत होते, वाकत होते, डोळे मिटत होते, आणि म्हणत होते. काहीच वास येत नसलेल्या नाकाने ते काय करत असतील? नंतर त्यांनीच सांगितलं, की ते चालकाच्या चेहऱ्याकडे डोळ्यांच्या फटीतून बघायचे आणि कागदावर कुठल्या कप्प्यात काय लिहिलंय ते पाठ करून ठेवायचे. दीड वर्ष हे निभावलं. मला वाटायचं, की नशीब.

त्या सोमवारी दोन कप्प्यांचा क्रम कागदावर एक होता आणि टँकरमध्ये दुसरा. भरताना तिकडेच अदलाबदल झाली होती. आतोबांनी श्वास घेतला आणि म्हणाले, "पेट्रोल आहे, उघडा." पेट्रोलच्या टाकीत डिझेल गेलं. पावणेसातला विक्री सुरू झाली आणि सात वाजल्यापासून लोक गाड्या ढकलत परत येऊ लागले. धूर, आचके आणि बंद. आतोबांनी ताबडतोब पंप थांबवला, पण त्या पंधरा मिनिटांत पेट्रोल भरून गेलेल्यांत एक शिक्षिका होत्या. कोथरूडच्या शाळेत शिकवायच्या, रोज याच वेळी यायच्या, दुकानातून ग्लुकोज बिस्किटांचा एक पुडा घ्यायच्या आणि आतोबा त्यांना रोज म्हणायचे, की घरून डबा आणत जा. बायपासच्या उतारावर त्यांची स्कूटर भर रस्त्यात मेली. मागच्या गाडीला थांबायला जागा नव्हती. बाई वाचल्या. उजवा पाय गुडघ्याखाली काढावा लागला.

पोलीस आले, कंपनीचे साहेब आले. नळी कुणी जोडली, तर रफीकभाईंनी. चावी कुणी फिरवली, तर रफीकभाईंनी. नमुना काढला का, तर नाही. आतोबा या तिन्ही प्रश्नांना समोर बसले होते आणि त्यांनी तोंड उघडलं नाही. रफीकभाईंनीही उघडलं नाही. दोन दिवस रफीकभाई सकाळी चौकीत जाऊन बसायचे आणि संध्याकाळी घरी यायचे. त्यांची नोकरी जाणार आणि खटला त्यांच्यावर होणार, हे ठरल्यातच जमा होतं. त्या दोन दिवसांत आतोबांचा मला जितका राग आला तितका कुणाचा कधी आला नाही. आणि राग धरायचा मला काही हक्कही नव्हता, कारण मोगऱ्याची बाटली माझ्या कपाटात होती.

तिसऱ्या दिवशी सकाळी आत्याचा फोन आला, की यांच्यासोबत पंपावर जा. दुकानातच बैठक होती. वेफर्सच्या मांडणीपाशी साहेब, त्यांच्या शेजारी एक हवालदार, आणि थंड पेयांच्या कपाटाला टेकून रफीकभाई उभे. साहेब अत्यंत सभ्य होते. त्यांनी कागद पुढे केला. रफीकभाईंनी तपासणी न करता नळी जोडली, असा मजकूर. खाली रफीकभाईंची सही झालेली होती. आतोबांनी फक्त साक्षीदार म्हणून सही करायची होती, की पंप त्यांचा त्यांच्याकडे राहणार होता.

आतोबांनी पेन घ्यायला काउंटरवरच्या भांड्यात हात घातला. एक पेन काढलं आणि खाली ठेवलं. मग दुसरं. मग सगळी पेनं एकेक करून काउंटरवर मांडली, भांडं रिकामं केलं आणि ते साहेबांपुढे धरलं. म्हणाले, "यात डिझेल आणायला सांगा."

साहेबांना काही उमगेना, पण त्यांनी आणवलं. आतोबांनी टोपी काढली, बगलेत धरली, भांड्याच्या तोंडाशी वाकले, डोळे मिटले. आम्ही सगळे बघत होतो. बराच वेळ ते तसेच होते. मग सरळ झाले.

"मला काहीही येत नाही," ते म्हणाले. "दीड वर्ष झालं. त्या दिवशी पेट्रोल आहे असं मी सांगितलं. यांनी ऐकलं. सव्वीस वर्षं ते ऐकतात, आणि तपासलं तर मी अपमान करायचो. हे लिहा. तो कागद फाडा."

रफीकभाई म्हणाले, "मालक, राहू द्या ना. माझं वय झालंय आता."

"माझं तुमच्याआधी झालंय," आतोबा म्हणाले आणि खुर्चीवर बसले.

आतोबा हवालदाराला जबाब देत थांबले, म्हणून परतताना रफीकभाई मला फाट्यापर्यंत सोडायला आले आणि वाटेत त्यांनी जे सांगितलं ते मी आतोबांना अजून सांगितलेलं नाही. साथीनंतरच्या ईदला ते अत्तर लावून आले होते. आतोबांनी त्यांना छातीशी धरलं आणि दुसऱ्याच दिवसाचा टँकर मागवला. तेव्हाच रफीकभाईंना समजलं. तेव्हापासून प्रत्येक टँकरला ते आतोबा वाकायच्या आधी, चालकाशी बोलल्यासारखं करून, पांढऱ्या फडक्यावर थेंबभर माल घेऊन रंग बघायचे. पेट्रोल नारिंगी, डिझेल पिवळट. रंग चुकीचा दिसला तर नळी परत काढून, काही तरी निमित्त सांगून वेळ काढायचा, असं त्यांनी ठरवून ठेवलं होतं. दीड वर्षांत तशी वेळच आली नाही. त्या सोमवारी दुकानातलं कॉफीचं यंत्र फुटल्यासारखं वाहू लागलं म्हणून त्यांना आत बोलावलं, ते परत आले तोवर आतोबा वाकलेले होते, आणि वाकलेल्या मालकासमोर फडकं काढणं त्यांना जमलं नाही. "तेवढं एकदाच राहिलं," ते म्हणाले. म्हणजे आत्याला माहीत होतं, मला माहीत होतं, रफीकभाईंना माहीत होतं. आम्ही तिघांनी मिळून आतोबांचं नाक सांभाळलं, आणि बाईंचा पाय गेला. याला प्रेम म्हणायची माझी हिंमत होत नाही.

पंप आतोबांकडून गेला. खटला त्यांच्यावर चालू आहे, तारखा पडतात. नवीन मालकाने रफीकभाईंना ठेवून घेतलं. दुकान आता झकपक झालंय, दोननंतरही कॉफी मिळते आणि पाव कुठल्या दिवसाचा ते कुणी विचारत नाही. आतोबा शनिवारी बसने धायरीला जातात आणि बाईंच्या दारात बिस्किटांचा पुडा देतात. बाईंची आई पुडा घेते, "ती झोपली आहे" म्हणते आणि दार लावते. दर शनिवारी सकाळी अकराला ती झोपलेली असते. आतोबांनी याबद्दल कधी तक्रार केलेली नाही. आत्या हल्ली रोज गजरा माळते, आणि माळण्याआधी तो त्यांच्या हातात देते. ते तो धरतात, वजन केल्यासारखा, आणि परत देतात.

गेल्या रविवारी मी शनिवार पेठेत गेलो होतो. त्यांनी दार उघडलं, मी मुद्दाम सांगितलं, की बसने आलो, शेजारच्याच्या पिशवीत ताजी मेथी होती. "बरं," ते म्हणाले, आणि जरासे हसले. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. रफीकभाई होते. टँकर आला, की रफीकभाई अजून त्यांना फोन करतात. नव्या मालकाला हे ठाऊक नाही. नमुना भांड्यात काढून झालेला असतो, कागद ताडून झालेला असतो, या फोनची गरज कुणालाच नसते. पलीकडून आवाज आला, तो मला ऐकू आला, "मालक, नारिंगी आहे."

आतोबांनी डोळे मिटले. टोपी त्यांच्या डोक्यावर नव्हती, तरी हात एकदा डोक्याकडे गेला. "उघडा" हा शब्द त्यांच्या ओठांवर आलेला मी पाहिला.

"परत एकदा बघा," ते म्हणाले.

रफीकभाई बघायला गेले. आत्या गॅस बारीक करून दारात आली, आणि आम्ही तिघं ते परत येईपर्यंत थांबलो.