कुठे जायचंय, अम्मा?

तंजावरहून ओरत्तनाडूला जाणाऱ्या संध्याकाळच्या बसमध्ये ती कॉन्स्टेबल शेजारी बसली, की पोलिसी टोपी काढून मांडीवर ठेवते आणि माझ्या डब्यात न विचारता हात घालते. मला राग येतो, तरी मुरुक्कूच्या चार चकल्या तिच्यासाठी उरवतेच.

बायकोला माहेरच्यांनी डांबून ठेवलंय म्हणत नवरे हेबियस कॉर्पसची याचिका करतात. त्या बायकांना मदुरैच्या हायकोर्टात हजर करायला हिला जावं लागतं. परतल्यावर आमच्या तंजावरी मराठीत, हात नाचवत सगळं सांगते. जज्जांचा प्रश्न मात्र अगदी हळू आवाजात, तमिळमध्ये: तुला कुठे जायचंय, अम्मा?

"नवरा, बाप सगळे उभे असतात अक्का, पण विचारतात तिलाच," म्हणते आणि खिडकीबाहेर बघत राहते. सासूचा फोन आला, की "आलेच."

काल कंडक्टर नवा होता. बायकांचं तिकीट फुकट, पण गाव सांगावं लागतं. त्यानं तिला सहज विचारलं, "कुठे जायचंय, अम्मा?"

एवढी बडबडी बाई, मांडीवरची टोपी उलटसुलट करत राहिली. मागचे लोक कुरकुरायला लागले. शेवटी तिनं टोपी डोक्यावर चढवली आणि सासरचं गाव सांगितलं.