फील्ड म्हणजे वावर

दुसऱ्याच्या तोंडचा शब्द तुम्ही शेवटचा कधी खोडलात? आणि खोडताना त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं होतंत का? मी पाहिलं नव्हतं. म्हणून हे लिहितो आहे.

पुसद तालुक्यात इंग्रजी जाणणारी माणसं कमी नाहीत. वकील आहेत, डॉक्टर आहेत, तारमास्तर आहेत, हायस्कुलात शेक्सपिअर शिकवताना घाम पुसणारे हेडमास्तर आहेत. पण या सगळ्यांनी मिळून त्या भाषेवर जेवढं प्रेम केलं नसेल, तेवढं फील्डकाकांनी तिच्या एका शब्दावर केलं. एकाच. दुसरा त्यांना येत नव्हता आणि नको होता. फील्डकाका हे नाव आम्ही ठेवलेलं. रस्त्याला लागून असलेल्या एका बंजारा तांड्यात ते राहत. त्यांच्या आजोबांनी बैलांच्या पाठीवरून मीठ वाहिलं, वडिलांनी पाल मोडून कुडाचं घर बांधलं, आणि काका तरुणपणी जमीन मोजणाऱ्या साहेबाच्या पथकात साखळी धरायला लागले. मोजणीची ती लोखंडी साखळी एका टोकाला धरून त्यांनी अर्धा जिल्हा पायाखाली घातला. साहेबाच्या काखेत एक जाड वही असे. तिच्यावर छापलेली पाच अक्षरं काका बारा वर्षं रोज पाहत होते. साहेब गेला, वही गेली, अक्षरं तेवढी काकांच्या बोटांत राहिली. त्यांना स्वतःचं नाव लिहिता येत नव्हतं, पण 'फील्ड' हा शब्द ते इंग्रजीत लिहीत. कोळशाने भिंतीवर, काडीने धुळीत, बुढी, म्हणजे त्यांची बायको, रागावली तर राखेत.

त्यांच्या कंबरेला एक सुतळी असे. तिला पहिली गाठ होती ती वावराची. आमच्याकडे शेताला वावर म्हणतात, हे बाहेरच्या वाचकांसाठी सांगून ठेवतो. "आमच्या गोरबोलीत खेत, तुमच्या वऱ्हाडीत वावर, सायबाच्या बोलीत फील्ड," काका सांगत. "मातीले मात्र बोली नाई. तिले फक्त पानी समजते." हा शब्दाचा पहिला अर्थ. पुढे जेव्हा जेव्हा त्यांना या शब्दाचा नवा अर्थ सापडला, तेव्हा तेव्हा त्यांनी सुतळीला एक गाठ मारली.

दुसरी गाठ हायस्कुलाच्या मैदानावर पडली. काका बाजाराला निघाले होते. मैदानावर क्रिकेटचा सामना चालू होता आणि कोणीतरी "फील्ड! फील्ड!" म्हणून ओरडलं. आपल्यालाच हाक मारली असं समजून काका छत्री उघडी ठेवूनच आत शिरले, चेंडू त्यांच्या छत्रीवर आदळून खाली पडला, आणि एका मुलाचा झेल हुकला म्हणून दोन्ही बाजूंची भांडणं जुंपली. काका कडेला बसले ते संध्याकाळपर्यंत. घरी जाऊन त्यांनी बुढीला सांगितलं, "अकरा मानसं दिवसभर फील्डात उभे होते, अन् एकानं बी वाकून तन उपटलं नाई." तिसरी गाठ लढाईहून परतलेल्या एका शिपायाने दिली. लढाईचीही जागा फील्डच, हे ऐकून ते म्हणाले, "मंग तिथं पेरते काय, अन् कापते काय, ते नको सांगू."

चौथी गाठ शास्त्राच्या मास्तरांची. त्यांनी कागदावर लोखंडाचा कीस पसरून खाली लोहचुंबक धरलं आणि कीस ओळीने उभा राहिला, तेव्हा काकांनी मास्तरांचे पाय धरायचे बाकी ठेवले. लोखंडाच्या तुकड्यालाही स्वतःचं वावर असतं, आणि त्यात दुसऱ्याचा कीस शिस्तीत वागतो! त्या दिवसापासून त्यांचा सिद्धांत झाला की प्रत्येक वस्तूला फील्ड असतं. बुढीचं चुलीपासून विहिरीपर्यंत असतं. "त्यात पाय पडला का मानूस ओढल्या जाते," काका म्हणत, "अन् हाती बादली येते." बुढी, जिला सारा तांडा याडी म्हणजे आई म्हणे, ती फुलवलेल्या लाकडावर भाकर शेकत उत्तर देई, "पाच अर्थ करा नाईतं पन्नास. भाकरीले एकच फील्ड लागते."

पाचवी गाठ मलेरियावाल्यांची. पिचकारी घेऊन एक तरुण तांड्यात आला आणि ऐटीत म्हणाला, "मी फील्ड वर्कर आहे." काकांनी त्याच्या हातातली पिचकारी अदबीने काढून भिंतीला टेकवली आणि त्याला विळा दिला. "बरं झालं आले, बाप्पा. दोन तासं निंदाची राह्यली हायेत." तो बिचारा खरंच दोन तासं, म्हणजे पिकाच्या दोन ओळी, निंदून गेला. काकांचं बोलणंच असं होतं की नाही म्हणण्याची सोय नसे.

हे सगळं मला माहीत कसं? मी तेव्हा बावीस वर्षांचा होतो आणि माझं शिक्षण शाळेपेक्षा पत्रकांवर जास्त झालं होतं. पुण्यामुंबईहून येणारी पत्रकं मी पाठ करत असे. मराठी राज्य व्हायचं होतं, मग झालं. लोकांचा कारभार लोकांच्या भाषेत, हे वाक्य मी स्वतः छापून वाटलं होतं. दर बाजाराच्या दिवशी कचेरीसमोरच्या लिंबाखाली एक खोकं मांडून मी बसे. वर पाटी: 'अर्ज फुकट लिहून मिळतील. फक्त मराठीत.' काका तिथे येत आणि नव्या अर्थाची बातमी देत. मला ते आवडत, पण त्यांचा तो शब्द खुपे. साहेब जाऊन इतकी वर्षं झाली आणि हा माणूस त्याच्या वहीचं पुठ्ठं उराशी धरून बसला आहे, असं मी दोस्तांना सांगत असे. एकदा तर काकांसमोरच म्हटलं होतं. ते हसून म्हणाले, "पुठ्ठं तेवढंच राह्यलं नं, लेखकबाबू. आतले पानं त्यानं नेले."

मग काकांवर वेळ आली. टेकडीखाली त्यांची चार एकर जमीन होती. दगड वेचून, खोडं काढून त्यांनी ती स्वतः केली होती. कपाशी होई, तूर होई, ज्वारी होई. पण कागदावर ती सरकारची पडीत होती. पटवारी चैत्रात येऊन गेला होता, आणि चैत्रात तर सगळीच जमीन पडीत दिसते. नोटीस लागली की त्या पट्ट्यात ज्यांची लागवड आहे त्यांनी मुदतीत अर्ज करावा, जमीन त्यांच्या नावे होईल. बाकीची जंगलखातं सागासाठी घेईल. काका माझ्या खोक्यापुढे येऊन बसले. त्या दिवशी त्यांनी नव्या अर्थाची गोष्ट काढली नाही.

मी अर्ज लिहिला. 'सदर टेकडीखाली आमचे वावर आहे व ते वीस वर्षांपासून आहे.' लोकांचा शब्द, लोकांच्या कागदावर. मला फार बरं वाटलं. काकांनी अंगठा दिला, आणि मग माझ्या हातातला टाक मागून घेऊन अंगठ्याशेजारी जीभ बाहेर काढून ती पाच इंग्रजी अक्षरं लिहिली.

"हे काय?" मी म्हटलं.

"राहू द्या. सायेब नवा हाये. कोकनातला हाये म्हन्ते. त्याले आपलं वावर समजते का नाई, कोनाले ठाऊक? फील्ड सगळ्या सायबाईले समजते."

"तुमच्या फील्डला पाच अर्थ आहेत काका. अर्जात एका अर्थाचा शब्द लागतो. आणि आता आपलं राज्य आहे. साहेबाला आपली भाषा समजलीच पाहिजे."

"पाह्यजे, हे खरं," काका म्हणाले. "पन समजते का?"

मी त्यांना पत्रकातला एक पूर्ण परिच्छेद ऐकवला. आणि बोलता बोलताच त्या पाच अक्षरांवर दोन आडव्या रेघा ओढल्या. त्यांना लिहिता येणारा तो एकच शब्द होता. "खोडलं?" त्यांनी एवढंच विचारलं. मी शाई वाळवत होतो.

सुनावणीला मी त्यांच्याबरोबर गेलो. नवे तहसीलदार भले गृहस्थ होते. त्यांच्या मुलखात त्यांना मामलेदार म्हणत, त्यामुळे स्वतःच्या हुद्द्याचीही त्यांना अजून सवय व्हायची होती. त्यांनी अर्ज वाचला, थांबले, लाल शाईचा टाक उचलला आणि माझ्या 'चे'ची मात्रा काटून पुढे काना दिला. "आमचा वावर," ते मला समजावत म्हणाले. "वावर पुल्लिंगी. ये-जा, हिंडणं-फिरणं. बरं, आजोबा, टेकडीखाली तुमचा वावर आहे, हे कोण नाकारतंय? तुमचे लोक पिढ्यान्‌पिढ्या फिरतेच. गुरांचाही वावर असतो. पण लागवड कुठे आहे? पटवारी पडीत म्हणतो, आणि तुमच्या अर्जात लागवडीचा एक शब्द नाही."

आता माझी पाळी होती. 'साहेब, वावर म्हणजे शेत' एवढं बोलायचं होतं. मी बोललोही, पण पुटपुटलो. "कुणाच्या मराठीत?" त्यांनी विचारलं. रागाने नाही, कुतूहलाने. आणि त्या खोलीत मला माझी भाषा एकदम खेडवळ वाटली. ज्या मराठीतून माझी पत्रकं येत होती, ती या गृहस्थांच्या तोंडून येत होती. माझ्या व्याकरणाची चूक निघाली होती, आणि ती निघाल्याचं कारकून पाहत होते. मी मान खाली घालून म्हणालो, "हो साहेब. 'चा'च हवा होता."

वाचकहो, हे वाक्य मी म्हणालो. माझ्या कानांनी ऐकलं.

काका माझ्याकडे पाहत होते. मग ते स्वतः पुढे झाले. "फील्ड, सायेब. फील्ड हाये ते. फील्ड!" तहसीलदार हसले. "कसलं फील्ड, आजोबा? खेळायचं?" कारकूनही हसले. "इंग्रजी गेलं आता. मराठी राज्य आलं. मराठीत सांगा." हे माझंच वाक्य होतं, माझ्याच छापील पत्रकातलं. काकांनी मराठीत सांगितलं, "वावर." साहेब म्हणाले, "तेच तर लिहून घेतलं आम्ही," आणि शेरा लिहिला: 'फिरस्ते. वावर मान्य, लागवड सिद्ध नाही.'

पुढे मी काय काय केलं ते सांगून स्वतःला सोडवून घेणार नाही. पुन्हा अर्ज केला, यवतमाळला जाऊन आलो, मुदत संपल्याचं उत्तर आलं. पावसाळ्याआधी चार एकरांत सागाची रोपं लागली. मी तांड्यात गेलो तेव्हा काका कुंपणाबाहेर उकिडवे बसले होते. मला वाटलं ते शिव्या देतील. मला त्या हव्या होत्या. ते रोपांकडे पाहत म्हणाले, "रांग वाकडी गेली. मले साखळी धराले बलावलं असतं तं सरळ लावून देल्ली असती." मी रडायला लागलो. "तुमी कायले रडून राह्यले, लेखकबाबू? मले बी कुठं ठाऊक होतं?" त्यांनी एक नवी सुतळी काढली आणि तिला दोन गाठी मारल्या. "आपल्या वावराले बी दोन अर्थ हायेत म्हना. मी आपला जल्मभर सायबाचा शब्द मोजत बसलो. घरच्याची मोजनी राहूनच गेली." आणि ती सुतळी त्यांनी माझ्या हातात ठेवली. याडीने मला भाकर वाढली. ज्वारी विकतची होती.

मागच्या वर्षी मी काकांना यवतमाळला डोळे दाखवायला नेलं. डॉक्टर म्हणाले, नजर कडेकडेने बंद होत चालली आहे. आणि समोर पाहताना एका नजरेत जेवढं दिसतं त्याला त्यांनी इंग्रजी शब्द वापरला, तो फील्ड हाच होता. एसटीत बसल्यावर काकांनी जुनी सुतळी चाचपून सहावी गाठ मारली. "डोयाले बी वावर असते तं," ते म्हणाले. "माहं कमी होऊन राह्यलं. पन यात कोनी साग नाई लावत, हे बरं हाये."

दोन गाठींची सुतळी माझ्या टेबलावर आहे. अर्ज मी अजून लिहितो. पाटीवरचं दुसरं वाक्य पुसून टाकलं आहे, आणि समोरच्याने सांगितलेला शब्द, तो कुठल्याही मुलखाचा असो, तसाच ठेवतो. पण त्याने चार एकर परत येत नाहीत.

म्हणून एक मागणं आहे. पुसदच्या रस्त्याने कधी गेलात, तर टेकडीखाली वाकड्या रांगेतला साग दिसेल. कुंपणाबाहेर एक म्हातारा बसलेला असेल. त्याला तुम्ही नीट दिसणार नाही, पण ऐकू चांगलं येतं. तिथे थोडं थांबा आणि मोठ्याने विचारा, "हे वावर कोणाचं?" तो उत्तर देईल. तेवढं उत्तर ऐकून पुढे जा. आणि विचारताना 'कोणाचं' म्हणा. 'कोणाचा' म्हणू नका.