दुसऱ्या गाण्याची पट्टी

हे मी कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. सांगायचं म्हटलं की घसा कोरडा पडतो — आणि घशाचं नाव काढायचा हक्क तरी मला कुठे उरलाय?

शहापुरात माझी बेंजो पार्टी आहे, लग्नाकार्यात वाजवणारी. वीस-बावीस वर्षं हळदीत कीबोर्ड वाजवतोय. सानिका जवळच्या शेणवे गावची, माझ्या वर्गमित्राची मुलगी. सोळाव्या वर्षी तिने माझ्या चालीवर हळदीचं गाणं गायलं आणि ते मोबाइलवर असं पसरलं की डोळखांबपासून मुरबाडपर्यंत त्याच्याशिवाय कुणाला हळद लागेना.

चाल माझी. व्हिडिओत मात्र माझे फक्त हात. तेही चाललं असतं — पण एका मांडवात पोरी तिच्याबरोबर फोटो काढत होत्या. एक म्हणाली, "ओ बेंजोवाले, जरा बाजूला व्हा ना, मधी येताय." मी हसत बाजूला झालो. हसलो होतो, हे पक्कं आठवतं.

मग दुसरं गाणं. जो तो विचारायचा, कधी येतंय? सानिका धास्तावलेली. "काका, लोक बोलतात पयलं नशिबानं चाललं. आता यातच काय ते दिसंल." पट्टी, म्हणजे गाणं किती उंच सुरात धरायचं ते, तिने माझ्यावर सोपवलं. आमच्याकडे गाणारी पट्टी विचारतच नाही, वाजवणारा देईल तो सूर धरते. तिचा गळा काळी चारचा, त्याच्या वर गेला की ताणायचा. हे माझ्याइतकं कुणाला ठाऊक होतं?

मुरबाडचा स्टुडिओ म्हणजे भिंतींना गाद्या ठोकलेली एक खोली. तिथे मी कीबोर्डवरचं पट्टी चढवायचं बटण दोनदा दाबलं. बोटं काळी चारवरच, सूर निघाला काळी पाचचा. बघणाऱ्याला काय कळणार? स्टुडिओवाल्याला माइक कळायचा, गाणं नाही.

मुखडा निभावला. अंतऱ्यात आवाज चिरला. पुन्हा घेतला — पुन्हा तिथेच. तिसऱ्यांदा तिने हेडफोन काढला, माझ्या बोटांकडे पाहिलं.

"काका, पट्टी चढी हाये का वो?"

"नाय गो. पयल्या गाण्याचीच हाये."

बटणावरून बोट हलवायला किती वेळ लागतो? मी हलवलं नाही. पाचव्यांदा गाऊन झाल्यावर म्हणालो, "झालं. हाच ठेवू."

गाणं आलं. व्हिडिओखाली लोकांनी लिहिलं — पहिलं हिने गायलंच नव्हतं, मशीनने गायलं होतं. आसनगावच्या एका हळदीत मी ते लावलं. हो, मीच लावलं. अंतऱ्याला कुणीतरी ओरडलं, "ए बेंजो, बंद कर! कोंबडी कापतोस का?" अख्खा मांडव हसला. सानिका तिथेच होती, मावशीला खेटून. मी घाईने पहिलं गाणं सुरू केलं, लोक नाचू लागले. त्या क्षणी मला बरं वाटलं का? वाटलं. खोटं कशाला बोलू आता.

दुसऱ्या दिवशी ती घरी आली. उंबऱ्यातच उभी राहिली. "काका, माझा गळाच गेला. तुमचं गाणं वाया घालवलं मी." माफी मागत होती — माझी! मी म्हणालो, "होतं असं कधीकधी." बायकोला चहा ठेवायला सांगितला.

याला तीन वर्षं झाली. त्यानंतर ती माइकपुढे उभी राहिलेली नाही. मागच्या आठवड्यात तिच्या चुलतबहिणीची हळद होती, वाजवायला आम्हीच. बायकांनी तिला ओढून पुढे आणलं, "गा गो, घरचंच लगीन हाये." तिने गळ्यावर हात ठेवला, मान हलवली, आणि माझ्याकडे बघून ओशाळं हसली — जणू तिचं दुखणं आम्हा दोघांनाच माहीत होतं.

मी पुढचं गाणं धरलं.

तिचा गळा गेला नव्हता. पट्टी मी चढवली होती. तिला अजून सांगितलेलं नाही.